करकोचा, कोंडा आणि शाळा

"आई, मी कुठून आलो?" हा प्रश्न पोराने विचारला की युरोपातली आई एकेकाळी धुराड्याकडे बोट दाखवी आणि सांगे, करकोच्याने चोचीत धरून आणले तुला. फ्रान्सात मुलगे कोबीच्या गड्ड्यात सापडत आणि मुली गुलाबाच्या ताटव्यात. इंग्रजांची मुले गूजबेरीच्या झुडपाखाली मिळत. आमच्याकडची उत्तरे त्या मानाने व्यवहारी. "तुला बोहारणीकडून दोन जुन्या लुगड्यांवर घेतलं," नाहीतर "सुपभर कोंड्यावर घेतलं." यातली कोंड्याची गोष्ट निव्वळ थापही नव्हती. आधीची मुले दगावलेल्या घरी नवे बाळ खरोखरच दुसऱ्याच्या ओटीत घालून कोंड्याच्या मोलाने परत घेत, आणि त्याचे नाव कोंडाजी किंवा धोंडू ठेवीत. दृष्ट लागू नये म्हणून! करकोचा काय, कोंडा काय, पोराचा प्रश्न तेवढ्यापुरता मिटे.

दिवाळीच्या फराळाच्या ताटाशेजारी हा विषय कशाला, असे काही वाचकांच्या मनात येईल. पण हा अंक घरातली सगळीच माणसे वाचतात, आणि ज्यांच्यापासून तो लपवायचा ती बारा-चौदा वर्षांची मंडळी तर सर्वांत आधी वाचतात. तेव्हा युरोपातल्या शाळांनी करकोच्याला कसे उडवून लावले आणि आमचा कोंडा अजून घरात का सांडलेला आहे, हे त्यांच्यादेखतच सांगायला हरकत नाही.

युरोपात या कामाची सुरुवात झाली ती भीतीपासून. लोझानचा टिसो नावाचा एक नामांकित डॉक्टर होता. 1760 साली त्याने हस्तमैथुनावर एक पुस्तक लिहिले आणि जगातले बहुतेक रोग त्या एकाच सवयीच्या माथी मारले. पुढे शंभर-दीडशे वर्षे युरोपातले मास्तर, पाद्री आणि वसतिगृहांचे रखवालदार या पुस्तकाच्या छायेत वावरले. टिसोचे वारसदार आपल्याकडेही मुबलक आहेत. आगगाडीच्या खिडकीतून दिसणाऱ्या भिंतींवर चुन्याने रंगवलेल्या 'गुप्तरोग' आणि 'गेलेली शक्ती' यांच्या जाहिराती कुणी पाहिल्या नाहीत? वैद्यकशास्त्राने ही भीती केव्हाच मोडीत काढली. भिंती मात्र अजून रंगतातच.

त्याच काळात जर्मनीत बाझेडो नावाचा एक खटपट्या शिक्षक होऊन गेला. 1774 साली त्याने देसाऊ गावी एक नव्या धर्तीची शाळा काढली. मूल जन्माला कसे येते हे मुलांपासून चोरून ठेवू नये, असे त्याचे मत. शाळा फार वर्षे चालली नाही, पण हे काम शाळेचे आहे ही कल्पना तेव्हापासून कुणीकुणी मांडू लागले. एकोणिसाव्या शतकाच्या सभ्यतेने ती पुन्हा पेटीत घातली. पेटीचे झाकण उघडले ते एका नाटककाराने. वेडेकिंट या जर्मन लेखकाचे 'वसंताची जाग' अशा अर्थाच्या नावाचे नाटक 1891 साली छापून निघाले. त्यातली चौदा वर्षांची मुलगी आईला मूल कसे होते ते विचारते, आणि आई लाजून काहीतरी गोल गोल सांगते. मुलीला दिवस जातात तेव्हा हे असे कशाने झाले तेही तिला उमगत नाही. गर्भ पाडण्याच्या औषधाने ती मरते. हे नाटक रंगभूमीवर यायला 1906 साल उजाडले. पुढच्याच वर्षी व्हिएन्नाच्या फ्रॉइडने एक जाहीर पत्र लिहून विचारले की मुलांपासून हे ज्ञान लपवून नेमके साधायचे काय आहे? शाळेने ते सृष्टिज्ञानाबरोबर हळूहळू द्यावे, असे त्याचे म्हणणे होते.

मात्र बोलण्याला कायद्याचे रूप दिले ते थंडीने काकडणाऱ्या स्वीडनने. तिथे पदवी घेतलेली पहिली स्त्री डॉक्टर कारोलिना विडरस्ट्रोम हिने 1897 च्या सुमारास मुलींच्या शाळांतून शरीराविषयी व्याख्याने द्यायला सुरुवात केली. पण खरी झुंज दिली ती एलिसे ओट्टेसेन-येन्सेन या बाईंनी. या मूळच्या नॉर्वेच्या, एका पाद्र्याच्या अठरा मुलांपैकी सतराव्या. त्यांची धाकटी बहीण लग्नाआधी गरोदर राहिली. लोकलज्जेपायी तिला डेन्मार्कला धाडण्यात आले आणि झालेले मूल तिच्यापासून तोडले गेले. बहिणीच्या या दुःखाने एलिसेबाईंच्या आयुष्याची दिशा ठरवली. स्वीडनमध्ये 1910 सालापासून संततिनियमनाची माहिती पसरवण्यावर कायद्याने बंदी होती. ती न जुमानता या बाई खाणकामगार आणि लाकूडतोड्यांच्या वस्त्यांतून भाषणे देत हिंडल्या. 1933 साली त्यांनी लैंगिक शिक्षणासाठी एक राष्ट्रीय संघटना उभी केली. 1938 साली बंदी उठली, 1942 साली शाळांतून हा विषय शिकवावा अशी शिफारस झाली, आणि 1955 साली तो सक्तीचा झाला. साऱ्या युरोपात पहिला!

मात्र कुणी असे समजू नये की स्वीडनच्या शाळांनी एकदम सगळी बंधने झुगारली. दुसऱ्याच वर्षी शिक्षकांसाठी जे हातपुस्तक निघाले त्यात लग्नापर्यंत संयम पाळावा असाच उपदेश होता. त्यावर वाद झाले, 1964 साली आयोग बसला, त्याने अहवाल द्यायला दहा वर्षे घेतली आणि नवे हातपुस्तक 1977 साली निघाले. सरकारी आयोग सगळीकडे सारखेच, हे वाचून आपल्याला थोडे हायसे वाटते.

बाकीच्या देशांची हकिगत थोडक्यात सांगतो. पश्चिम जर्मनीत 1968 साली सर्व राज्यांच्या शिक्षणमंत्र्यांनी मिळून हा विषय शाळांत आणायचे ठरवले. दुसऱ्या वर्षी आरोग्यमंत्री केटे श्ट्रोबेल यांनी शाळांसाठी एक सचित्र पुस्तक काढले आणि त्यावरून गदारोळ माजला. डेन्मार्कने 1970 साली सक्ती केली, तेव्हा काही ख्रिस्ती आईबाप थेट स्ट्रासबूरच्या मानवाधिकार न्यायालयात गेले. आमच्या मुलांना आमच्या धर्माविरुद्ध शिकवता येणार नाही, असे त्यांचे म्हणणे. 1976 साली निकाल लागला तो त्यांच्या विरुद्ध. माहिती वस्तुनिष्ठपणे आणि निरनिराळ्या मतांना जागा ठेवून दिली जात असेल, कुठल्याही आचाराचा प्रचार होत नसेल, तर आईबापांचा हक्क मोडत नाही, असे न्यायालयाने म्हटले. हा निकाल मला फार शहाणपणाचा वाटतो, कारण त्यात आईबापांच्या शंकेला हसण्यावारी नेलेले नाही. फ्रान्सने 1973 साली पहिले पाऊल टाकले आणि 2001 साली वर्षातून तीन तास तरी यासाठी द्यावेत असा कायदा केला. हॉलंडात हा विषय सक्तीचा व्हायला 2012 साल लागले, पण तिथल्या प्राथमिक शाळांतून त्याच्या आधीपासून एक खास सप्ताह पाळतात. त्याच्या नावाचा शब्दशः अर्थ 'वसंताच्या गुदगुल्या'! सुधारक म्हणून मिरवणाऱ्या इंग्लंडमध्ये सर्व माध्यमिक शाळांना हे बंधनकारक झाले ते 2020 च्या सप्टेंबरात. इटलीत तर देशभराची सक्ती झालेलीच नाही. म्हणजे 'युरोप' म्हणून आपण एका दमात बोलतो, तेव्हा त्यात किती निरनिराळ्या आया आणि किती निरनिराळे पाद्री कोंबतो ते लक्षात घ्यावे.

आता घरी येऊ.

'आपल्या संस्कृतीत या गोष्टी बोलत नाहीत' हे वाक्य आपण इतक्यांदा ऐकले आहे की ते खरेच वाटू लागते. पण आपल्या पणज्यांना विचारता आले असते तर त्यांनी तोंडाला पदर लावला असता, हसू लपवायला. मुलीला न्हाण आले की तिला मखरात बसवीत, सुवासिनी ओटी भरायला येत, वाजंत्री लागे आणि साऱ्या आळीला बातमी कळे. त्यानंतर फलशोभन. बोलणे नव्हते असे नाही, उलट सगळे चव्हाट्यावर होते. फक्त जिच्याविषयी हे चाले तिला कुणी काही समजावून सांगत नसे. ती बारा वर्षांची पोर नव्या लुगड्यात अवघडून बसलेली असे. सांगितलेच तर एवढे, की चार दिवस बाजूला बस, कावळा शिवला म्हण, आणि कशाला हात लावू नकोस.

या प्रश्नाची जाहीर वाच्यता महाराष्ट्रात झाली ती शाळेत नव्हे, न्यायालयात आणि कायदेमंडळात. रखमाबाईंचा खटला 1884 साली उभा राहिला. 1891 साली संमतिवयाचा कायदा होऊन मुलीचे वय दहावरून बारावर आले, आणि त्यापायी पुण्या-मुंबईची वर्तमानपत्रे महिनोन्महिने धगधगत राहिली. मुलीच्या शरीराला काय सोसते आणि काय नाही, यावर शास्त्री, वकील, संपादक सगळे बोलले. मुली तेवढ्या गप्प होत्या.

आणि मग तो हट्टी गणिताचा प्राध्यापक आला. रघुनाथ धोंडो कर्वे यांचा जन्म 14 जानेवारी 1882 चा. योगायोग असा की त्याच साली तिकडे ॲमस्टरडॅममध्ये आलेटा याकोब्स या डॉक्टरीणबाईंनी संततिनियमनाचा सल्ला देणारा दवाखाना उघडला. महर्षी अण्णासाहेबांचे हे थोरले चिरंजीव मॅट्रिकला पहिले आले, पॅरिसला जाऊन गणित शिकून आले आणि मुंबईच्या विल्सन कॉलेजात शिकवू लागले. 1921 साली त्यांनी मुंबईत संततिनियमनाचे केंद्र काढले. लंडनला मेरी स्टोप्स यांचा दवाखाना निघाला तोही त्याच वर्षी. विलायतेच्या मागून आपण पन्नास वर्षांनी चालतो असे म्हणायची सवय आहे, म्हणून हे साल मुद्दाम सांगितले. 1923 साली त्यांची संततिनियमनावर आणि गुप्तरोगांवर पुस्तके निघाली. मिशनरी कॉलेजला हे मानवणारे नव्हते. प्रचार किंवा नोकरी यांतले एक निवडायची पाळी आली तेव्हा कर्व्यांनी 1925 साली राजीनामा दिला.

1927 च्या जुलैत त्यांनी 'समाजस्वास्थ्य' मासिक सुरू केले आणि मरेपर्यंत, सव्वीस वर्षे, चालवले. मुखपृष्ठावर विवस्त्र स्त्रीचे चित्र. त्यामुळे अंक घरात आणणाऱ्याची पंचाईत होई. आत मात्र चटोर काहीच नाही. रोखठोक, कोरडी, जवळजवळ भूमितीच्या प्रमेयासारखी भाषा. वाचक पत्राने प्रश्न विचारीत, कर्वे छापील उत्तर देत. आज ज्यांना आपण लैंगिक शिक्षणाचा तास म्हणू, तो महाराष्ट्रात पोस्टाने भरत होता. आणि या तासाला बसणारे बहुतेक लग्न झालेले, मुलेबाळे असलेले, वय उलटून गेलेले विद्यार्थी होते. त्यांना हे पंधराव्या वर्षी कुणी सांगितले असते तर कर्व्यांना पत्रे कमी आली असती.

1931 साली अश्लीलतेचा पहिला खटला झाला आणि शंभर रुपये दंड. 1934 साली दुसरा, या वेळी गुन्हा काय, तर वाचकांच्या प्रश्नांना दिलेली उत्तरे. कर्व्यांच्या बाजूने उभे राहिले डॉ. बाबासाहेब आंबेडकर. मासिकच जर लैंगिक विषयाला वाहिलेले आहे आणि वाचक आपली अडचण विचारतात, तर उत्तर देऊ नये तर काय करावे, असा त्यांच्या बचावाचा रोख होता. विषय लैंगिक आहे एवढ्यावरून लेखन अश्लील ठरत नाही, हा मुद्दा आंबेडकरांनी मांडला. खटला हरला आणि दोनशे रुपये दंड झाला. पुढचा अंक निघाला. मालतीबाई कर्वे नोकरी करून संसार ओढीत होत्या, हेही सांगितले पाहिजे. या दोघांनी स्वतःला मूल होऊ दिले नाही. 1944 साली मालतीबाई गेल्या. 14 ऑक्टोबर 1953 रोजी रघुनाथराव गेले आणि नोव्हेंबरचा अंक त्यांच्या पश्चात निघाला. त्यानंतर मासिक बंद पडले. स्वीडनची सक्ती यायला तेव्हा दोन वर्षे बाकी होती.

कर्वे हयात असताना, 1952 च्या नोव्हेंबरात, मुंबईतच एक जागतिक परिषद भरली. मार्गारेट सँगर आल्या होत्या. यजमानपण धन्वंती रामा राव आणि आवाबाई वाडिया यांच्या तीन वर्षांच्या भारतीय कुटुंबनियोजन संघाकडे. कुटुंबनियोजनाची आंतरराष्ट्रीय संघटना या परिषदेत जन्मली. तिच्या संस्थापकांत मघाच्या एलिसेबाई होत्या. 1959 ते 1963 त्याच अध्यक्ष होत्या. एवढे सगळे आपल्या दाराशी होऊनही शाळेच्या वर्गात ते शिरले नाही. आपल्या राज्यकर्त्यांनी लाल त्रिकोण भिंतीभिंतीवर रंगवला, पण तो नवरा-बायकोसाठी. मुलांनी तो त्रिकोण पाहिला आणि बाबांना विचारले, बाबांनी वर्तमानपत्र वर केले.

पुढे एड्सच्या भीतीने सरकारला जाग आली. 2005 च्या सुमारास केंद्राने किशोरांच्या शिक्षणाचा एक कार्यक्रम आखला. शिक्षकांसाठी पुस्तिका आणि चित्रे निघाली. ती चित्रे पाहून 2007 साली आमच्या विधिमंडळात आक्षेप उठले आणि महाराष्ट्राने कार्यक्रमच थांबवला. गुजरात, मध्य प्रदेश, कर्नाटक यांनीही तेच केले. 2009 साली वेंकय्या नायडूंच्या अध्यक्षतेखालील राज्यसभेच्या समितीने तर शाळेत लैंगिक शिक्षण नकोच, असा अहवाल दिला. चित्रे थोडी सोवळी काढता आली असती, हे मला मान्य आहे. पण जेवणात मीठ जास्त झाले म्हणून चूलच विझवायची, हा कुठला न्याय? कर्वे ज्या महाराष्ट्रात दंड भरत होते त्याच महाराष्ट्रात त्यांच्या मृत्यूनंतर चौपन्न वर्षांनी हे घडले.

हे सगळे शहरातले. आता जरा आपल्या वऱ्हाडाच्या डोक्यावर जाऊ. अमरावतीहून परतवाडा, तिथून घाट चढून धारणीच्या रस्त्याला लागले की सिपना नदीच्या काठी सेमाडोह लागते. 1973 साली व्याघ्रप्रकल्प सुरू झाला तेव्हा देशातल्या पहिल्या नऊ प्रकल्पांत मेळघाट होते. त्यामुळे दिवाळीच्या सुटीत अमरावती, अकोला, नागपूरची कुटुंबे वनखात्याच्या संकुलात उतरतात, भल्या पहाटे जिप्सीत बसतात. वाघीण कधी माजावर येते, पिल्ले किती दिवस पोटात राहतात, दीड-दोन वर्षे ती त्यांना कशी सांभाळते, हे वाटाड्या सांगतो आणि आई-वडील कौतुकाने मुलांकडे पाहतात, किती छान प्रश्न विचारतो म्हणून! तोच मुलगा परतीच्या वाटेवर स्वतःविषयी एक प्रश्न विचारील तर गाडीत रेडिओ लागतो.

पण सेमाडोह म्हणजे पाहुण्यांचे संकुल नव्हे. भोवतालची वस्ती कोरकूंची. कोरकू भाषा संताळी-मुंडारीच्या कुळातली, मराठीशी तिचे रक्ताचे नाते नाही. या डोंगरातली कितीतरी मुले-मुली सहाव्या-सातव्या वर्षी घर सोडून आश्रमशाळेच्या वसतिगृहात येतात. शिक्षणाला दुसरा मार्ग नसतो. घरी असती तर आजीने, काकूने, थोरल्या बहिणीने आपल्या भाषेत, आपल्या रीतीने वेळेवर काहीतरी सांगितले असते. त्यात खुळचटपणा असेल, शिवाशिवही असेल, पण सांगणारे माणूस जवळ असते. बारा-तेराव्या वर्षी जेव्हा ती घटना घडते तेव्हा मुलगी पन्नास जणींच्या खोलीत असते आणि आई डोंगरापलीकडे. शाळेने तिला आजीपासून नेले, तेव्हा आजीचे हे कामही शाळेकडे आले. शहरातल्या पालकांनी 'हे घरीच सांगू' म्हणावे, त्यांना घर आहे. इथे ते वाक्य लागूच पडत नाही.

आणि पुस्तकात काय आहे? 'पौगंडावस्था', 'ऋतुप्राप्ती', 'पुनरुत्पादन'. पुण्याच्या मुलालाही हे शब्द पत्थरासारखे लागतात, कोरकू मुलीला ते दोनदा परके. शिवाय हा धडा आला की पुष्कळ ठिकाणी गुरुजींचा घसा बसतो आणि 'हे घरी वाचून या' म्हणून ते पुढच्या पानावर जातात. लोहाची निळी गोळी आठवड्याला हातावर ठेवली जाते, ती का, हे किती मुलींना कुणी नीट सांगितले असेल? कायद्याने अठरा वर्षे ठरली तरी 2019-21 च्या राष्ट्रीय पाहणीत महाराष्ट्रातल्या विशीतल्या शंभर तरुणींपैकी जवळजवळ बावीस जणींची लग्ने त्याआधी झालेली आढळली. एखाद्या मुलीला आपल्या शरीराची माहिती लग्नानंतर मिळणार असेल, तर ती तिला आईपणातूनच मिळते.

करणारे कुणीच नाही असे नाही. डॉ. रवींद्र आणि डॉ. स्मिता कोल्हे या दांपत्याने मेळघाटातल्या बैरागडला आयुष्य घातले, 2019 साली त्यांना पद्मश्री मिळाली. गडचिरोलीत डॉ. राणी बंग यांनी दोन गावांतल्या 650 स्त्रियांची तपासणी केली तेव्हा शंभरातल्या ब्याण्णव जणींना स्त्रीरोग निघाले आणि पूर्वी तशी तपासणी झालेल्या फक्त आठ. हा अभ्यास 1989 साली 'लॅन्सेट'मध्ये छापून आला. बाया दुखणे सोसत होत्या, कारण त्याला नाव देऊन सांगायची सोय नव्हती. पुढे राणीताईंनी कुमार-कुमारींसाठी 'तारुण्यभान' नावाची शिबिरे घेतली, आणि ती साध्या, घरगुती मराठीत. कर्व्यांनी कोरड्या भाषेत जे केले ते त्यांनी ओल्या भाषेत केले, असे म्हणता येईल. मुंबईत डॉ. महिंदर वत्स नव्वदी उलटल्यावरही वर्तमानपत्रातून लोकांच्या प्रश्नांना मिश्कील उत्तरे देत राहिले, ते 2020 साली गेले.

सरकारी आश्रमशाळेच्या नोकरांच्या यादीत मुख्याध्यापक असतात, शिक्षक असतात, अधीक्षिका असते, स्वयंपाकी असतो आणि कामाठी असतात. डोंगरातली घाबरलेली मुलगी रात्री दार वाजवते ते बहुधा अधीक्षिकेचे, किंवा तिची भाषा बोलणाऱ्या एखाद्या कामाठीण बाईचे. प्रशिक्षण द्यायचे झाले तर ते आधी या दोघींना द्यावे, आणि कोरकूत द्यावे. मानवी प्रजननाचा सविस्तर धडा 2018 सालच्या पाठ्यपुस्तकात दहावीच्या विज्ञानाच्या दुसऱ्या भागात आहे. दार वाजवणारी मुलगी त्या रात्री सहावीत किंवा सातवीत असते.